लोकरीखालची बाहुली

विहीणबाई नुमिसिया यांना सबिदियाचा नमस्कार.

उद्या माझी वेट्टिया तुमची सून होणार. रिवाजाप्रमाणे तिनं आज आपल्या सगळ्या बाहुल्या घरच्या देवांपुढे ठेवल्या. तिचे वडील म्हणाले, "झाली पोर मोठी!" मीही हसले. मग वरातीत तिच्याबरोबर पाठवायची लोकर भरायला घेतली, तर टोपलीच्या तळाशी एक हाडाची बाहुली. पोरीनं ती झडप घालून कुशीत लपवली.

"ही काय गं?"

"तिला ताप आहे, आई. बरी झाली की ठेवते ना देवापुढे."

"देवांना फसवतेस? बाबांना कळलं तर?"

"मग तू नको ना सांगूस."

यांना लग्नघरात कुणाची शिंकसुद्धा चालत नाही. हे कळलं तर लग्नच मोडतील. तेव्हापासून माझा जीव थाऱ्यावर नाही. देव कोपले तर? आणि तुम्ही? सुनेचं सूत बघायला तुम्ही टोपली उपसणारच. मीही उपसली असती. मग म्हणाल, आईनं काही वळणच लावलं नाही.

बाहुली मी तिच्या कुशीतून ओढून घेतली. हाताला खरंच गरम लागली हो. पुन्हा तळाशी ठेवली, वर लोकर घातली, त्यावर टकळी.

पाटीवरच्या मेणात कोरलेलं हे पत्र मी आता पुसणार आहे. तुम्हाला कसं पाठवू? पण विहीणबाई, ती सापडलीच, तर फेकण्याआधी एकदा हात लावून बघा.

तुमची,
सबिदिया