शोशाम्माच्या कादंबऱ्यांतल्या पेन्सिलच्या रेघा

५ जून, गुरुवार
वाचनालयाचा दिवाकरन आज पुन्हा सायकलवरून पुस्तक देऊन गेला. प्रेमाची कादंबरी. गावातल्या बायकांना घरपोच पुस्तकं देणं हे म्हणे त्याचं काम. वय बेचाळीस, लग्न नाही, मिशीला तेल. माझ्या बायकोने, शोशाम्माने, त्याला ताक दिलं. मला मागावं लागतं.

७ जून
पुस्तक माझ्या आरामखुर्चीवर सापडलं. काय डोकं! मी बसतो तिथे कोण शोधणार! आत एका ओळीखाली पेन्सिलची रेघ: ‘तुझ्या पावलांचा आवाज मी गर्दीतही ओळखतो.’ शोशाम्माची पावलं अख्खा वॉर्ड ओळखतो. पण रेघ मारणारा एकच.
चौथी पास असलो तरी मला सगळं कळतं.

१२ जून
नवं पुस्तक. पुन्हा खुर्चीवर. सात रेघा. पुरावा म्हणून सगळं वाचून काढलं. नायिका फार सोसते. डोळ्यांत पाणी आलं, ते रबरशीट वाळवायच्या धुरामुळे.

१३ जून
शेजारच्या मत्तनला सांगितलं. म्हणाला, ‘उलहन्नान चेट्टा, वहिनी चौसष्टच्या. दिवाकरनला तेवढी हिंमत नाही.’ मत्तनवरही लक्ष ठेवायला हवं.

१४ जून
सापळा लावला. पुस्तकात चिठ्ठी: ‘रविवारी चार वाजता धुरीच्या शेडमागे ये. तुझाच.’ डाव्या हाताने लिहिली. गेली तर गुन्हा सिद्ध.

१५ जून, रविवार, संध्याकाळ
गेली! कानात लग्नातली कुणुक्कं, ठेवणीतली जरीकाठाची कसवू ओढणी, हातात केळीच्या पानात उकडलेल्या गरम गोड अडा. मी साडेचारपर्यंत फणसामागे थांबलो. कुणी आलं नाही. मग काठी घेऊन पुढे झालो, ओरडलो, ‘सापडलीस! कोण येणार होता?’
ती म्हणाली, ‘चारला बोलावलंत, साडेचार वाजले. अडा गार झाल्या.’
मी म्हटलं, मी कुठे बोलावलं? तर म्हणते, ‘तीन पानांवर वळ उठतील इतकं दाबून दुसरं कोण लिहितं? रेघा मीच मारत होते, तुम्ही वाचाल म्हणून. वाटलं, वाचलं एकदाचं.’ मग काठीकडे बघितलं. ‘आता तुम्ही सांगा. कोण येणार होता?’
मी काठी पाठीमागे घेतली. अडा घेऊन ती एकटीच घरी गेली.

१८ जून
तीन दिवस बोलणं बंद. कांजी वेळेवर मिळते. आदळत नाही, हळूच ठेवते. ते जास्त वाईट.

१९ जून, गुरुवार
शोशाम्माने पुस्तक परत केलं. नवं नको म्हणाली, ‘खोटं लिहितात सगळं.’ म्हणजे माझाच विजय झाला.
दिवाकरनला फाटकापाशी गाठलं. हळूच विचारलं, रागावलेल्या बायकोशी पहिलं वाक्य काय बोलायचं, ते कुठल्या कादंबरीत असतं? म्हणाला, ‘सगळ्यांतच. पण एकही शिल्लक नाही, चेट्टा. अकरा बायका रांगेत आहेत.’
बाराव्या नंबरावर माझं नाव लिहून घेतलं.