काडेपेटीतला स्लाइम मोल्ड

ॲडलेड, गुरुवार

प्रिय बाबा,

मी मजेत आहे. गुडघा कसा आहे तुमचा?

इथे म्युझियममध्ये दिवसभर स्लाइम मोल्डचे बुरशीसारखे नमुने ओळखत बसते, पण टास्मानियातला आपला ओला ओंडका डोळ्यांपुढून हलत नाही. त्यावरच्या पिवळ्या लिबलिबीत गोळ्याला मी हात लावला की तुम्ही म्हणायचात, "थांब गं भवाने, दाणे धरू देत. कच्चा ओळखू येत नाही." मग पिकलेला तुकडा तुम्ही रिकाम्या काडेपेटीत डिंकाने चिकटवायचात. अजूनही मला नमुने तसेच टपालाने पाठवता.

परवाची पेटी उघडली, तर आत काड्याच. म्हणजे नमुन्याची पेटी चुलीजवळ राहिली असणार. होतं असं कधीकधी.

मागच्याही पेटीत काड्याच होत्या, बाबा.

शनिवारी येतेय. तोवर चूल शेजारच्या मॅव्हिसकाकूंना पेटवू द्या.

तुमची भवानी,
ब्रॉनी