खिडकीकडे तोंड करून

३ जानेवारी
थिएटरमधून फोन. पन्नासावं वर्ष आहे, मार्चमध्ये कार्यक्रम, जुन्या कलाकारांपैकी कुणीतरी गावं अशी सगळ्यांची इच्छा. ‘कुणीतरी’ म्हणजे कोण, हे मॅनेजरना संकोचानं बोलता आलं नसावं. बघून सांगते म्हटलं आणि त्याच दमात हो म्हणून टाकलं.
ऑपेरा सुटून बरीच वर्षं झाली. सुटला असंही नाही. मध्ये जरा गाणं शिकवतेय, इतकंच.

४ जानेवारी
आजपासून: रोज वाफ. थंड बंद. बोलणं कमी. हे लेकीला फोनवर सविस्तर सांगितलं. पाऊण तास गेला. लेक म्हणाली, आई, पण तो शेवटचा वरचा सूर झेपेल ना गं? वेडी आहे. क्लासमध्ये रोज लावते. रोज लागतो.

९ जानेवारी
मास्तर थिएटरच्या दिवसांपासून माझ्याबरोबर आहेत, आता क्लासलाही पियानो तेच वाजवतात. मी पियानोकडे पाठ करून, खिडकीकडे तोंड करून गाते. वाजवणाऱ्याच्या बोटांकडे बघत गाणं म्हणजे पायांकडे बघत नाचणं. आज वरचा सूर असा काही लागला की समोरच्या गॅलरीतल्या बाईंनी कपडे वाळत घालायचं सोडून आत जाऊन खिडकी लावली. भारावल्या असाव्यात.

१७ जानेवारी
चिमणी (अंगकाठीवरून पडलेलं नाव, क्लासमधली सगळ्यात बरी मुलगी) विचारत होती, बाई, तुमच्याबरोबर म्हणते तेव्हा हे गाणं सोपं जातं, घरी रेकॉर्डिंगबरोबर म्हटलं की वर का चढतं? म्हटलं, रेकॉर्डिंग चढंच असतं. मशीनला कान नसतात. मास्तरांना एकदम खोकला आला. त्यांनाही वाफ घ्यायला सांगितली.

२ फेब्रुवारी
कार्यक्रमाला मास्तर नसणार, पूर्ण ऑर्केस्ट्रा असणार. मास्तरांना हे सांगितलं तर चहा तसाच ठेवला. म्हणाले, बाई, दुसरं काहीतरी घ्या. मधल्या सुरातलं. ऑर्केस्ट्रा काही आपल्यासाठी खाली यायचा नाही. वय झालं की दुसऱ्याचं चांगलं बघवत नाही माणसाला. मास्तरसुद्धा असे निघावेत, वाईट वाटलं.

५ फेब्रुवारी
दारावर पाटी लावली: ‘मार्चपासून क्लास बंद’. नवीन दोघींना परत पाठवलं. एकीची आई म्हणाली, पुन्हा सुरू कधी करणार? मी नुसती हसले. चिमणीनं पाटी दोनदा वाचली आणि पायातली चप्पल काढायचीच विसरली. तिला पुढच्या रांगेचा पास देणार आहे.

११ फेब्रुवारी
गाऊनची चेन अर्ध्यावर अडते. कपाटात राहून कापड आकसतं. शिंपी म्हणाला, मॅडम, कापडाला नका बोलू. आगाऊ आहे.

२० फेब्रुवारी, दुपारी ४
तालीम. ऑर्केस्ट्रा नव्हता आज, थिएटरची पियानोवाली मुलगी होती. पहिल्या ओळीपासूनच जिन्याच्या पायऱ्या कुणीतरी उंच करून ठेवल्यासारखं वाटलं. वरच्या सुराला आवाज फाटला. फाटला कसला, आलाच नाही. हवा आली.
पियानो चढा लावलाय, असं स्पष्ट सांगितलं. मुलीनं फोनवर सूर मोजून दाखवला. मॅनेजर म्हणाले, मॅडम, तुम्ही त्या दिवशी पुढे बसा, आपण छानसा सत्कार ठेवू. अतिशय गोड बोलले.
पियानो चढाच होता.

संध्याकाळी
घरी आले तर मास्तर दाराशी उभे. आत येऊन पियानोवर बसले. आज मी वळून उभी राहिले. म्हटलं, शेवटची ओळ वाजवा. वाजवली. बोट जिथे थांबलं, ती पट्टी असायला हवी तिच्या दोन पट्ट्या अलीकडची, खालच्या सुराची होती.
कधीपासून? विचारलं.
म्हणाले, तुमचं थायरॉइडचं ऑपरेशन झालं तेव्हापासून. एकदम नाही आणलं खाली, बाई. कळू नये इतपत, थोडं थोडं. त्या वर्षी तुम्ही घरातसुद्धा गात नव्हता.
चहा केला. साखर विसरले. दोघंही तसाच प्यायलो.

२१ फेब्रुवारी
पाटी काढली. खालचा रंगही निघाला. मॅनेजरना फोन केला: सत्कार नको, माझी एक विद्यार्थिनी आहे, तिला ऐका.

२ मार्च
चिमणीची निवड झाली. तिला म्हटलं, उगाच हुरळून जाऊ नकोस, ओळीच्या शेवटी श्वास चोरतेस. हुरळून गेलीच.
मास्तरांना म्हटलं, हिच्यासाठी मूळ पट्टी घ्या. त्यांचे हात उजवीकडे सरकले. पियानोशेजारी उभं राहून मी शेवटपर्यंत त्यांच्या बोटांकडे बघत होते. तिचा वरचा सूर लागला. सहज लागला. समोरच्या बाईंनी खिडकी उघडीच ठेवली.
चिमणी गेल्यावर मास्तरांनी पियानो बंद केला नाही. खाली बघत म्हणाले, बाई, तुमचं घ्यायचं?
मी खिडकीकडे तोंड करून उभी राहिले. म्हटलं, हवं तेवढं खाली घ्या, मास्तर. फक्त मला सांगू नका.