क्लीटचा डाव आणि माझा लाल ठिपका

१२ एप्रिल, शनिवार

अखेर घेतला. रेड डॉट. पिस्तुलावर बसवायची ती चिमुकली काच, जिच्यात लाल ठिपका दिसतो. ठिपका निशाण्यावर ठेवायचा, घोडा ओढायचा, संपला विषय. जुन्या लोखंडी माशीचं, नेम धरायच्या त्या नळीवरच्या खुंटीचं, काही वाईट नव्हतं. हल्ली ती माशी बनवणारेच नीट बनवत नाहीत, कडा धूसर येतात.

क्लीटने पण घेतला. माझ्याच मापाचा, त्याच दुकानातून, त्याच दिवशी. पंचवीस वर्षं हेच चाललंय. मी पिकअप घेतली, त्याने घेतली. मी कुत्रा पाळला, त्याने दोन.

हेतू उघड आहे. आमच्या सिकमोर क्रीक नेमबाजी क्लबच्या टीममध्ये साठीपुढचा एकच माणूस घेतात आणि यंदा उमेदवार दोनच, मी आणि तो. २६ तारखेच्या मॅचमध्ये जो वर येईल तो स्टेटला, म्हणजे राज्याच्या मॅचला जाणार. गेल्या वर्षी क्लीट गेला, त्याआधीही क्लीटच. यंदा व्हर्नन स्टाल जाणार. लिहून ठेवतो.

संकल्प: रोज अर्धा तास सराव. बिअर फक्त रविवारी.

१३ एप्रिल, रविवार

सकाळी क्लीटचा फोन. म्हणे ये गॅरेजमध्ये, दोन्ही एकदमच बसवून टाकू, माझ्याकडे मोजून आवळणारा टॉर्क पाना आहे, स्क्रू सैल पडू नयेत म्हणून लावायचा निळा डिंक पण आहे. एवढा जिव्हाळा कशाला? म्हटलं माझे हात अजून शाबूत आहेत.

जेवणाच्या टेबलावर बसवला. स्क्रू म्हणजे तिळाएवढे. एक उडून वॉशिंग मशीनखाली गेला. लोर्ना पालथी पडून टॉर्चने शोधत होती आणि मला विचारत होती, तुला खरंच दिसत नाहीये का, समोर तर आहे. बायकोला नवऱ्याच्या कामात नाक खुपसल्याशिवाय चैन पडत नाही. डिंकाची एक पुडी डब्यात होती. फेकली. ज्यांच्या मनगटात जोर नाही त्यांनी डिंक लावावा.

दुपारी चालू करून बघितलं. ठिपका कुठाय? हा तर फराटा. टोस्टवर जॅम फासलेला असतो तसा, वर एक शेपूट.

खराब माल. सरळ सरळ फसवणूक.

१४ एप्रिल, सोमवार

कंपनीला फोन केला. एक मुलगी बोलत होती, आवाज अगदी मधाळ. मला आधीच संशय आला. विचारते, सर, तुम्ही चष्मा लावता का? म्हटलं, बाई, मी ठिपक्याबद्दल बोलतोय. मग म्हणते, मान तिरकी करून बघा, शेपूट पण मानेबरोबर फिरतं का? फिरत होतं. पण मी का सांगू? यांना सगळं शिकवून ठेवलेलं असतं, गिऱ्हाइकाला मान वाकडी करायला लावायची म्हणजे मूळ मुद्दा बाजूला पडतो.

डोळ्यांबद्दल एक शब्द ऐकून घेणार नाही. परवा हायवेवर हरीण मीच आधी बघितलं. टपालपेटी निघाली ही गोष्ट वेगळी, पण बघितलं आधी मीच.

सराव: झाला नाही. मन:स्थिती नव्हती.

१८ एप्रिल, शुक्रवार

नेमबाजीच्या रेंजवर क्लीट भेटला. झीरो करत होता, म्हणजे ठिपका जिथे तिथेच गोळी लागेल असं जुळवत होता. पाच गोळ्या, सगळ्या एका डोनटखाली झाकतील अशा. मी सहज विचारावं तसं विचारलं, ठिपका कसा आहे रे तुझा? म्हणाला, "वाटाण्यासारखा गोल, व्हर्न! एवढी वर्षं आपण काय झक मारत होतो लोखंडी माशी घेऊन?"

वाटाण्यासारखा गोल.

घरी येताना डोक्यात प्रकाश पडला. दुकानात काउंटरवर दोन खोकी होती. पहिलं कोणी उचललं? क्लीटने. दोन्ही पिशव्या गाडीपर्यंत कोणी नेल्या? क्लीटने. म्हणे तुझा गुडघा दुखतोय, आण इकडे. पंचवीस वर्षांत माझ्या गुडघ्याची याला कधी आठवण आली होती?

बदलला लबाडाने. वाटेत कुठेतरी उघडून बघितलं, खराब माझ्या पिशवीत, चांगला स्वतःच्या.

लोर्नाला सांगितलं.  ती म्हणाली, "अरे, तुझ्या ऑपरेशनच्या वेळी तीन आठवडे आपलं गवत कोण कापत होतं?" बघा. किती आधीपासूनची तयारी.

१९ एप्रिल, शनिवार

विचार केला. पोलिसांत जाणं बरोबर नाही, क्लबची बदनामी होईल. तोंडावर बोलणंही बरोबर नाही, कारण तो नाही म्हणेल आणि सगळे त्याच्यावरच विश्वास ठेवतील. त्याचा चेहराच तसा आहे, चर्चमध्ये दानपेटी फिरवणाऱ्यासारखा.

उद्या ईस्टर. जेवण दरवर्षीप्रमाणे क्लीटकडे. माझा रेड डॉट पिस्तुलावरून काढून जाकिटाच्या खिशात ठेवलाय. सहज. बरोबर छोटा पाना, तोही सहज.

२० एप्रिल, रविवार, ईस्टर

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. दुसऱ्याच्या पिस्तुलाला न विचारता हात लावायचा नाही, हा आमच्यातला सगळ्यात मोठा नियम. दुसऱ्याच्या बायकोला एक वेळ न विचारता नाचायला न्याल, पण पिस्तूल नाही. मी हा नियम कधीच मोडलेला नाही आणि आजही मोडला नाही. कारण रेड डॉट माझाच होता. माझ्या वस्तूला मी हात लावला. ती त्याच्या पिस्तुलावर बसलेली होती यात माझी काय चूक?

क्लीट अंगणात हॅम कापत होता. त्याची बायको बटाट्याच्या सॅलडवरून लोर्नाशी बोलत होती. मी म्हटलं गॅरेजमधून बर्फ आणतो. पिस्तूल बाकावरच होतं, रिकामं, स्वच्छ पुसलेलं. चालू करून बघितलं. तिथेही फराटाच दिसला, पण गॅरेजमधल्या ट्यूबलाइटखाली काय कोणाला नीट दिसणार.

त्याचे स्क्रू निघता निघेनात. डिंक. एक तर माझ्या अंगठ्याचं सालटं घेऊन निघाला. अदलाबदल झाली. माझ्याकडचा त्याच्या पिस्तुलावर बसवून स्क्रू फिरवत होतो तेवढ्यात पावलं वाजली. तसाच ठेवला. बऱ्यापैकी घट्ट होता. बोटाने हलवून बघितला, फारसा हलला नाही.

क्लीट आत आला. काय करतोयस, म्हणाला. म्हटलं बाक पुसत होतो. तर हसून माझ्या पाठीवर थाप मारतो आणि म्हणतो, "तुझा नाही जमला ना बसवायला? लाजतोस काय लेका, घेऊन ये, मी देतो बसवून." म्हणजे संशय त्यालाही आलाय. चोराच्या मनात चांदणं असतं ते असं.

म्हणाला, माझं शुक्रवारी झीरो झालंय, आता मॅचपर्यंत पिस्तुलाला हात लावणार नाही. हॅम छान होती. दोनदा घेतली.

२१ एप्रिल, सोमवार

घरी येऊन बसवला, उजेडात बघितलं. फराटा. शेपटासकट.

रात्रभर डोळ्याला डोळा नाही. शेवटी उलगडलं. मी बदलणार हे क्लीटला आधीच कळलं होतं. म्हणून त्याने आधीच उलट बदल करून ठेवला. मग मी बदलला तेव्हा खराब पुन्हा माझ्याकडे आला. काय डोकं आहे! एवढा कपटी माणूस मी आयुष्यात बघितला नाही आणि त्याच्या नातीचा मी धर्मपिता आहे.

२६ एप्रिल, शनिवार, मॅच

सविस्तर लिहितो.

पहिले दोन स्टेज, म्हणजे फेऱ्या, मी जपून खेळलो. फराट्याचं डोकं कुठलं आणि शेपूट कुठलं हे ठरवायला वेळ लागतो. चार गोळ्या निशाण्याबाहेर. क्लीटच्याही गोळ्या इकडेतिकडे जात होत्या. तो गोंधळला होता, दर वेळी निशाण्याजवळ जाऊन भोकांकडे बघत उभा राहायचा आणि मग त्यांवर टेप चिकटवायचा.  मनात म्हटलं, आता कळलं का?

तिसरा स्टेज. क्लीट धावत फळ्यांच्या खोट्या खिडकीशी आला, दोन गोळ्या मारल्या, तिसरीला रेड डॉट पिस्तुलावरून उडाला. मागे देखरेखीला उभ्या रेंज ऑफिसर ड्वेनच्या कानाजवळून गेला आणि मागे खडीत पडला. बोटभर इकडे असता तर ड्वेनचा डोळाच गेला असता.

क्लीट जागच्या जागी थांबला. शिस्तीत पिस्तूल रिकामं केलं, दाखवलं, ठेवलं. तोंड पांढरं पडलं होतं. ड्वेनची चार चारदा माफी मागत होता. ड्वेन म्हणत होता, अरे होतं, नवीन आहे, होतं. तर हा म्हणाला, "नाही रे. मीच बसवला होता. डिंक लावला, पाना लावला. मला पक्कं आठवतंय लावलेलं. म्हणजे आता मला जे आठवतं तेही खरं नाही."

मी जवळ जाऊन म्हटलं, क्लीट, डिंक लावायला हवा होता. सल्ला चांगलाच होता.  

क्लीटने मॅच सोडली. स्टेटची जागा मला. टाळ्या वाजवल्या सगळ्यांनी. आनंद झाला. बराच झाला.

२९ एप्रिल, मंगळवार

क्लीटच्या बायकोने लोर्नाला फोन केला. म्हणे त्याने पिस्तूल कपाटात टाकलंय, विकायचं म्हणतो. म्हणे रोज संध्याकाळी गॅरेजमध्ये बसून जुनी कामं तपासतो, शिडीचे नट, नातीच्या सायकलचे ब्रेक, सगळं पुन्हा पुन्हा. त्याच्या वडिलांचं डोकं असंच गेलं होतं, विसरण्यापासून सुरुवात झाली होती. डॉक्टरची वेळ घेतली आहे.

लोर्ना रडत होती. मी म्हटलं, नाटकं असतील. ती उठून गेली.

नाटकंच असतील.

सराव: नाही.

३ मे, शनिवार

क्लीट आला. टॉर्क पाना, डिंक, नवी बॅटरी, सगळं घेऊन. स्टेटला जातोयस, तुझा रेड डॉट मला बघू दे, म्हणाला. म्हणे माझ्यासारखं तुझं व्हायला नको. मी नको नको म्हणत होतो, तोवर लोर्नाने पिस्तूल आणून दिलंसुद्धा.

रिकामं आहे का ते त्याने दोनदा तपासलं. तळघराच्या भिंतीवर धरलं.  म्हटलं आता कळेल याला, मी काय भोगतोय.

"गोल आहे," म्हणाला. "मस्त आहे ठिपका."

लोर्नाने बघितलं. गोल. तिने फोनच्या कॅमेऱ्याने फोटो काढून माझ्या नाकासमोर धरला. गोल. वाटाण्यासारखा. मी पुन्हा पिस्तूल घेऊन बघितलं. फराटा.

 लोर्ना म्हणाली, "मंगळवारी डोळ्यांच्या डॉक्टरकडे जायचं. ऐकणार नाही मी."

क्लीट म्हणाला, चल, बसवून तर देतो. रेड डॉट काढला. बॅटरी बदलायला खालचं झाकण उघडलं, बॅटरी तळहातावर घेतली आणि थांबला.

क्लीटची एक सवय आहे. बॅटरी घातली की तिच्या पाठीवर हिरव्या मार्करने तारीख आणि स्वतःच्या नावाचं पहिलं इंग्रजी अक्षर लिहितो. स्मोक अलार्मपासून नातीच्या बाहुलीपर्यंत. त्या बॅटरीवर १३ एप्रिल लिहिलं होतं. खाली सी.

त्याने ते वाचलं. मग माझ्याकडे बघितलं. मी फ्रिजकडे बघत होतो. मला वाटलं ओरडेल. पण आधी त्याचा चेहरा सैल झाला, जणू कोणीतरी त्याला सांगितलं की तुला काही झालेलं नाही. "म्हणजे मी लावला होता डिंक," एवढंच म्हणाला, तेही स्वतःशीच.

मग त्याने काम सुरू केलं. छिद्रं पुसली. डिंकाचा एक एक थेंब लावला. स्क्रू पान्याने आवळले, पुन्हा तपासले. पिस्तूल माझ्यासमोर ठेवलं.

"आता नाही हलणार," म्हणाला. लोर्नाला शुभरात्री म्हटलं आणि गेला. लोर्नाने त्याला दिलेली कॉफी तशीच होती.

१० मे, शनिवार, स्टेट मॅच

शेवटून दुसरा. शेवटचा होता त्याचं पिस्तूल पहिल्याच स्टेजला अडकलं होतं.

मंगळवारी डॉक्टर म्हणाला दोन्ही डोळ्यांच्या बुबुळांचा गोलावाच वाकडा, म्हणून गोल ठिपक्याचा फराटा दिसतो, बरीच वर्षं असणार. चष्मा दोन आठवड्यांनी येईल.

क्लीटला पाच वेळा फोन केला. उचलत नाही. त्याची बायको म्हणाली, तो ठीक आहे, डॉक्टरची वेळ रद्द केली, झोपही छान लागते आता. माझ्याबद्दल काही बोलला का, विचारलं. नाही म्हणाली. एक शब्द नाही. क्लबातही कोणाला काही सांगितलेलं नाही. ड्वेनने आज माझा हात हातात घेऊन विचारलं, क्लीट कसा आहे रे, तूच त्याचा जवळचा.

गप्प बसण्यात त्याचा काहीतरी डाव असणार, असं लिहायला घेतलं आणि खोडलं.

मॅच संपल्यावर रेड डॉटचे स्क्रू तपासले. केसभरही हलले नव्हते. निदान एक शिवी तरी द्यायची होतीस रे, क्लीट.