नोटिशीनंतरचा चहा

आई, काल हायकोर्टाची नोटीस आली, माझ्या नावाने. हुकूम पाळला नाही म्हणून अवमानाची. तुझ्या तोंडी तो ‘कंटेम्प्ट’ असाच असायचा, आणि तो शब्द काढताना तू आधी दाराकडे बघायचीस. खरंच आत टाकतात का गं?

तू नाशिकरोडच्या त्या सरकारी कचेरीत रोजंदारीवर चहापाणी करायचीस. तुला कायम करा असा कोर्टाचा हुकूम झाला आणि साहेबांनी तो नुसता ठेवून दिला. शेवटी वकिलांनी अवमानाची याचिका टाकली. म्हणजे ज्यांना नोटीस धाडली, त्यांच्याच हाताखाली तू रोज राबायचीस. भाकरी थापता थापता हात थांबायचा तुझा. उद्यापासून येऊ नको म्हणाले तर काय करायचं, असं मला विचारायचीस. कोर्ट मुंबईला, साहेब इथे, हे तुझं म्हणणं काही खोटं नव्हतं.

तारखेला मी तुझ्याबरोबर आले होते, कॉलेज बुडवून. साहेब न्यायमूर्तींपुढे हात बांधून उभे आहेत, आणि मागच्या बाकावर तूही उठून उभी. वकील हळूच सांगतायत, बाई, बसा, तुमच्याच बाजूने चाललंय.

“साहेब उभे हायेत,” तू म्हणालीस, “मी कशी बसू?”

मला तुझा भयंकर राग आला होता. साहेबांनी माफी मागितली, ऑर्डर काढतो म्हणून लिहून दिलं. दुसऱ्या दिवशी तू त्यांच्या टेबलावर नेहमीसारखा चहा ठेवलास, तो तसाच परत आला. मग ते घरून थर्मास आणू लागले. कायमची ऑर्डर मिळाली त्या संध्याकाळी शेजारणी पेढे मागत होत्या, आणि तू स्वयंपाकघरात भिंतीला टेकून बसलेली.

“मी काय त्यात इख कालवनार व्हते?” एवढंच बोललीस. साहेब तुला घाबरतात हे कळल्यावर तू आणखीच घाबरलीस. ती भीती मला तेव्हा समजली नव्हती.

आता मी दुसऱ्या एका कचेरीत साहेबांच्या खुर्चीत आहे. आमच्या वॉचमनला कायम करायचा हुकूम आहे आणि मंजुरी मंत्रालयात अडकलीय. नोटीस त्याच्याच याचिकेवरची. स्मरणपत्रं पाठवून मी थकले. सरकारी वकील म्हणतात, मॅडम, कोर्ट मंत्रालयाला नाही, तुम्हाला उभं करणार. वॉचमन भला माणूस आहे. माझ्याशी बोलताना अजून टोपी काढतो. रात्रभर कचेरीची जीप त्याच्याच राखणीत असते.

आज सकाळी मी ड्रायव्हरला बाजूला घेतलं आणि जीपचे ब्रेक तपासून घ्यायला सांगितले. त्याने एकदा वॉचमनच्या खुर्चीकडे पाहिलं आणि जीपखाली वाकला. त्याला समजलं असावं.

तू गेल्यापासून आज पहिल्यांदाच वाटलं, बरं झालं तू नाहीस.