निम्मी खुर्ची

प्रिय सातुका,

तुझी संसदेतली खुर्ची येत्या मंगळवारी एलेउतेरिओला द्यायची, असं काल गावसभेनं ठरवलं. तुझा बदली सदस्य म्हणून निवडून आलेला हा गडी वाट बघून कंटाळलाय म्हणे! "निम्मी मुदत बाईची, निम्मी बाप्याची, हाच आपला रिवाज," असं गावप्रमुखांनी सुनावलं.

मी शाळा फारशी पाहिली नाही, पण राज्यघटना कलमवार वाचलीय. उठून विचारलं, "आजवर संसदेत गेलेल्या बाप्यांनी पुरी मुदत भोगली. तेव्हा रिवाज कुठे होता?"

पाणीवाटप बघणाऱ्या बासिलियाकाकू हसल्या. "बसा वकीलसाहेब! बहिणीनं राजीनामा दिला नाही, तर तुमच्या आईच्या शेताची पाण्याची पाळी बंद. मग घाला बटाट्यांना कायदे!"

आई म्हणते, "करपू देत बटाटे." मग वर्षभर खायचं काय, ते सांगत नाही.

तुझा पाणीकायदा समितीत अडकलाय. त्याचं पुढे काय करणार, असं एलेउतेरिओला विचारलं, तर म्हणतो, "पाणी काय, वाहतंच की!"

सकाळी फोनवर तू विचारलंस, "दादा, राजीनाम्यावर सही करू का?" मी आईच्या गुडघ्यांचं बोलत राहिलो. खरं उत्तर हे: करू नकोस. पण हे वाचलंस तर तू खरंच करणार नाहीस, म्हणून पत्र टाकत नाही.

चडफडणारा तुझा भाऊ,
फेर्मीन