तंगडं तोडीन

हिंगोली,
५ मार्च २०२५

तीर्थरूप आबांना ऐशूचा साष्टांग नमस्कार.

आम्ही दोघं बरे आहोत. प्रमोदला झेरॉक्सच्या दुकानात काम मिळालंय. माझी भाकरी अजून गोल होत नाही, हे आईला सांगा, हसेल ती. आपल्या कुरुंद्यात हळद शिजवायला सुरुवात झाली असेल. धुराने तुमचा खोकला वाढला नाही ना? फोनच करणार होते, पण तुमचा आवाज ऐकायची हिंमत होत नाही.

कोर्टाच्या हुकमाने आमच्या दाराशी पोलीस असतो. हवालदार उत्तमसिंग, भला माणूस. मी मेथीची जुडी घ्यायला गेले तरी चार पावलं मागे चालतात. बाजारातल्या बायांना वाटतं, मीच काहीतरी करून पळालेय. ते तसं खोटंही नाही.

संरक्षण मागावं लागलं ते नरसिंगकाकांमुळे. लग्नाला आठ दिवस झाले नाहीत तोच चार माणसं घेऊन आले, प्रमोदची कॉलर धरली, "आपल्या जातीतली पोरं मेली व्हती काय?" म्हणाले. मी खरंच घाबरले होते, आबा. पण वकीलबाई म्हणाल्या, एकट्या चुलत्यावर अर्ज लंगडा पडेल. वडील काय म्हणाले ते सांग.

प्रमोदचं सांगितलं तेव्हा तुम्ही काय म्हणाला होतात? "उंबऱ्याभाईर पाय टाकलास तर तंगडं तोडीन." एवढंच. मी चिंचेवर चढले की खाली हात पसरून तुम्ही हेच म्हणायचात. सायकल घेऊन कॅनॉलवर गेले तेव्हाही हेच. दहावीच्या निकालाला उड्या मारत होते तेव्हासुद्धा, "पडशील, तंगडं तोडीन!" आपल्या घरात त्या शब्दाला कोणी कधी भ्यालं नाही. मी वकीलबाईंना तो शब्द सांगितला, चिंच सांगितली नाही. टाईप होऊन आलं तेव्हा 'पाय तोडून जिवे मारण्याची धमकी' असं झालं होतं. मी ते दोनदा वाचलं आणि सही केली.

मागच्या रविवारी तुम्ही आलात तेव्हा मी घरात नसेन असं तुम्हाला वाटलं असेल. मी दाराआडच होते.

उत्तमसिंग म्हणाले, "काका, तुमचं नाव तर ह्या कागदात हाय. आत सोडता येत न्हाई." तुम्ही कागद मागितला, चष्मा लावला. मला वाटलं, आता आबा ओरडणार, खोटं आहे म्हणणार. तुम्ही म्हणालात, "बराबर हाय. म्हणलो व्हतो मी."

मग पिशवी खाली ठेवलीत. "ओली हळद हाय, घरच्या वावरातली. लग्नात लागली न्हाई तिला."

कडीवर माझा हात होता, आबा. नुसती सरकवायची होती. तुमची भीती नव्हती, लाज वाटत होती. तुमची चप्पल वाजत गेली ती पार कोपऱ्यापर्यंत ऐकली.

काल वकीलबाईंकडे जाऊन सांगितलं, वडिलांपासून मला कधीच धोका नव्हता, त्यांचं नाव काढा. त्या चिडल्या. म्हणाल्या, आता तुझं बाकीचं बोलणंही कोणी खरं धरणार नाही, काकांवरचा हुकूमसुद्धा जाईल. प्रमोद म्हणाला, "सांग तू." अठरा तारखेला न्यायाधीशांपुढे उभी राहून चिंचेसकट सगळं सांगणार आहे. सही का केलीस विचारतील. विचारू देत.

तुमची हळद वाळूत पुरून ठेवलीय, सुकू दिली नाही. ती आपली आपण लावायची नसते. अठरा तारखेनंतर आईला घेऊन या. तंगडं तोडायचं असेल तर तोडा, पण या. दार मी उघडेन.

अजून चिंचेवरच अडकलेली,
तुमची ऐशू